फुटावर, किलोवर

लेथचा भाव आमच्याकडे फुटावर सांगतात.
साडेचार फुटी, सहा फुटी, आठ फुटी,
जशी माणसं विहीर सांगतात, किंवा साप.

डिचोलीच्या औद्योगिक वसाहतीत, शेड एकोणीस,
बाबांच्या वहीत निळ्या शाईचे आकडे आहेत:
राजकोटचा सहा फुटी, गिअर बॉक्ससकट, बहात्तर हजार.
बटाल्याचा, बेड घासलेला, एकेचाळीस.
आणि पानभर एकटाच
मुरगावच्या धक्क्यावर उतरलेला, पोर्तुगीज अमदानीतला,
ज्याची किंमत एस्कुदोत लिहून
बाबांनी पुढे नुसतं प्रश्नचिन्ह काढलंय.

गोवा तो केवढा.
वास्कोत सकाळी लेथ विकायला निघाला
की दुपारी काणकोणात कळतं.
म्हणून इथे भाव पाडणं सोपं, चढवणं अवघड.
कुंकळ्ळीत कुणी हजार सोडले
की तिसऱ्या दिवशी कुंडईचं गिऱ्हाईक
माझ्याच खुर्चीत, माझाच चहा पिऊन,
ते हजार माझ्याकडे मागतं.

खाणी चालू होत्या तेव्हा असं नव्हतं.
टिपरच्या पिना, बार्जच्या शाफ्टची बुशं;
रात्री दोनला इनास फुर्तादोच्या लेथखाली
पितळेचा कीस घोट्यापर्यंत साचलेला
आणि तो मान वर न करता म्हणे,
पात्रांवाक सांग, फाल्यां सकाळीं व्हर.
मशीन मिळायचंच नाही तेव्हा.
राजकोटला आगाऊ पैसे, वर चार महिने वाट.
बाबा फोनवर भाव विचारत नसत,
तारीख विचारत.

मग खाणी थांबल्या.
बार्जी मांडवीत नांगरल्या जागी गंजल्या
आणि एका चतुर्थीच्या आधी माझ्या फोनवर
सतरा लेथ.
सगळे चालू स्थितीत. सगळ्यांचे मालक
आकडा सांगण्याआधी खोकायचे.
शिरोलीचे, बेळगावचे व्यापारी
रिकामे ट्रक घेऊन चोर्ला घाट उतरले.
क्रॉस स्लाइडची मूठ पुढेमागे हलवून म्हणायचे,
बाई, अर्धा आटा मोकळा आहे.
होताच.
त्या वर्षी वहीत मी पहिल्यांदा
फुटाचा रकाना कोरा ठेवून शेजारी लिहिलं:
अकराशे किलो, दर सव्वीस.
भंगारवाला सज्जन. तेल पुसून मग तोललं.

आता नव्या लेथचा भाव दरवर्षी चढतो,
कारण ओतीव लोखंड महाग.
जुन्याचा उतरतो,
कारण हात मिळत नाहीत.
आयटीआयची पोरं वेर्ण्याला जातात,
काचेआड यंत्र आपलं आपण कापतं,
ती बटणाशी उभी.

गेल्या महिन्यात इनास स्वतःच आला.
डोळ्यांत मोतीबिंदू, मायक्रोमीटरच्या रेघा दिसत नाहीत.
त्याचा सहा फुटी मी पंचावन्नला लावला होता,
मनात चाळीस.
आसगावहून एक तरुण आला, नवं हॉटेल काढणारा,
लांबी बघितली, रंग बघितला, बेडवर हात फिरवला,
एक लाख नव्वद म्हणाला.
चालतो का, हे विचारलं नाही.
फक्त चक वेल्डिंग करून घट्ट करा,
मुलं फिरवतील.

इनासने चष्मा पुसला. याजेर काय टर्न करतलो?
काही नाही अंकल, वर ग्लास ठेवणार.
म्हातारा बराच वेळ विचारात.
काचेला टूल वेगळें लागता, म्हणाला शेवटी,
आणि स्पीड कमी धर.

बाबांच्या वहीतला आजवरचा सगळ्यात मोठा आकडा
माझ्या अक्षरात आहे.
फुटावर गेला की किलोवर, ते अजून भरलेलं नाही.
पोरगा दोनदा फोन करून गेला,
चकची चावी कुठे आहे, भिंतीवर टांगायची होती.

ती इनासने दिलीच नाही.
डिचोलीच्या स्टँडवर तो बसमध्ये चढला तेव्हा
त्याच्या पँटचा उजवा खिसा
गुडघ्यापर्यंत लोंबत होता.